ऑक्टोबरच्या लग्नाचा ड्रेस: सॅटिन की क्रेप?

माझं लग्न ऑक्टोबरच्या शेवटच्या आठवड्यात आहे, दुपारी चारला, उघड्यावर, मोठ्या झाडांखाली, आणि नंतरचं जेवण, नाच वगैरे आत. तारीख ठरल्यापासून ज्याला सांगावं तो एकच सल्ला देतो, पानगळीत लग्न ना, मग छान जाड भारी कापडाचा गाऊन घे, सॅटिन घे, मखमल घे, म्हणजे थंडी वाजणार नाही. आता बरेच ड्रेस अंगावर चढवून, कापडांचे तुकडे घरी आणून, हाताळून झाल्यावर मला यावर ठामपणे काहीतरी म्हणायचंय. कापड जड असलं की ऊब मिळते हे खरं नाही. या दिवसांतल्या लग्नाला आधी कार्यक्रमाचे तास बघा, मग कापड बघा, आणि आकार, गळा, घेर हे सगळं त्यानंतर.

तास का म्हणतेय ते सांगते. थंड देशांत पानगळीच्या या मोसमात एकाच दिवसात दोन ऋतू असतात. आकाश मोकळं असेल तर दुपारी उन्हात अंगावर घाम येईल इतकं गरम होतं आणि सूर्य कलला की तासाभरात गारठा जाणवायला लागतो, कारण ढग नसले की जमिनीची उष्णता भराभर वर निघून जाते. आणि सूर्य कलतो पण किती लवकर! २२-२३ सप्टेंबरला दिवस-रात्र सारखे होतात आणि त्या सुमाराला, विषुववृत्तापासून बऱ्यापैकी लांबच्या भागात, दिवस रोज साधारण तीन मिनिटांनी लहान होत असतो, म्हणजे महिन्याभरात दीड तास गेला. (दक्षिण गोलार्धात हेच सगळं मार्च ते मे मध्ये होतं, बाकी हिशोब तोच.) त्यात युरोपात ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी आणि अमेरिकेत नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी घड्याळं तासभर मागे जातात, त्यामुळे आदल्या शनिवारचं लग्न आणि दुसऱ्या दिवशीचं लग्न यांच्या सूर्यास्तात घड्याळावर एक तासाचा फरक पडतो. फोटोग्राफरला हे पाठ असतं, आपल्याला नसतं, तेव्हा तारखेचा सूर्यास्त आधी बघून ठेवा, ड्रेस त्यानंतर.

तर शेवटी माझ्यासमोर दोन ड्रेस उरले. पहिला डचेस सॅटिनचा, म्हणजे जाड, ताठ सॅटिनचा, हस्तिदंती रंगाचा, स्ट्रॅपलेस, कमरेपासून भरपूर घेर, बाजूला खिसे आणि मागे लांब ट्रेन, म्हणजे जमिनीवर लोळणारा मागचा भाग. दुसरा क्रेपचा, साधारण त्याच रंगाचा, अंगालगत उतरणारा आणि गुडघ्याखाली जरा मोकळा होणारा, लेसच्या लांब बाह्या, पाठीवर कापड मढवलेल्या बारीक बटणांची ओळ. एक तिसराही होता, पूर्ण लेसचा, त्याचं पुढे सांगते.

सॅटिनचा घातला आणि आईचा चेहरा असा फुलला की मला तिथेच हो म्हणावंसं वाटलं. "अगं, कसा दिसतोय बघ, राणी दिसतेयस," असं म्हणून ती माझ्याभोवती फेरी मारून आली. आणि तो दिसतच होता तसा, त्यात वादच नाही. घेरदार सॅटिनच्या मोठ्या घड्या पडतात ना, एकेका घडीची एक बाजू उजळ आणि एक बाजू गडद, ते बघत राहावं असं असतं. दुकानातल्या ताई म्हणाल्या की हा खास थंडीच्या दिवसांतला आहे, वजनदार आहे. वजनदार होता खरंच. पण ते वजन कुठे होतं? कमरेखाली. वर खांदे, गळा, दंड, अर्धी पाठ सगळं उघडं. आणि पायांना आपल्याला थंडी वाजत नाही मुळी, घेराच्या आत चार थर नेटचे असले की आत हवा अडकून राहते आणि पाय मस्त उबदार असतात. थंडी वाजते मानेला, खांद्यांना, दंडांना. म्हणजे दुपारी चार वाजता उन्हात कंबर आणि पाय उकडणार आणि सात वाजता खांद्यांवर काटा येणार. सगळं वजन नेमकं चुकीच्या जागी.

क्रेपचा ड्रेस हातात घेतला तर त्याच्या निम्म्याहून कमी वजनाचा असेल, पण अंगात घातल्यावर मनगटापर्यंत झाकलेली. बाह्या लेसच्या असल्या तरी त्यांना आतून अगदी बारीक नेटचं अस्तर आहे, दिसत नाही, पण वारा थेट कातडीला लागत नाही. गळा उथळ, पाठ खांद्यांपर्यंत बंद. दुकानात खिडकी उघडायला सांगून मी मुद्दाम त्या वाऱ्यात उभी राहिले आणि फरक लगेच कळला.

आता धाग्याचा मुद्दा, कारण यावर दुकानात कुणी आपणहून बोलत नाही. सॅटिन ही वीण आहे, धागा लांबवर मोकळा सोडून विणलेली, म्हणजे एक उभा धागा निदान चार आडव्या धाग्यांवरून जातो आणि मग एकाखाली, म्हणून पृष्ठभाग गुळगुळीत आणि चमकदार होतो. ते सॅटिन रेशमाचंही असतं आणि पॉलिस्टरचंही. क्रेपचंही तसंच, त्यात धाग्याला खूप पीळ दिलेला असतो म्हणून कापडावर बारीक खरखर येते आणि ते चमकत नाही, पण धागा काहीही असू शकतो. आणि ऊब, घाम, चिकचिक हे सगळं धाग्यावर ठरतं. कापडशास्त्रात कोणता धागा हवेतला किती ओलावा धरून ठेवतो याचे ठरलेले आकडे आहेत, रेशीम ११ टक्के, पॉलिस्टर जेमतेम ०.४ टक्के. म्हणजे पॉलिस्टरच्या बंद विणीच्या जाड गाऊनमध्ये दुपारचा घाम तसाच अंगावर राहतो आणि संध्याकाळी हवा गार झाली की तोच ओलावा तुम्हाला गारठवतो. बाहेरचं कापड पॉलिस्टर असलं तर तेवढं बिघडत नाही, ते सुरकुतत पण कमी, पण अंगाला लागणारं अस्तर तरी रेशमाचं किंवा निदान व्हिस्कोजचं मागा. आतली शिलाईला लावलेली पट्टी वाचा, तिथे धागा लिहिलेला असतो. अस्तर कशाचंय हा प्रश्न मी आता जिथे जाईन तिथे पहिला विचारते.

मग उजेड. ह्या गोष्टीवर मी सगळ्यात जास्त वेळ घालवला आणि मला ती सगळ्यात आवडली पण.

पानगळीत सूर्य खालून येतो. दुपारी चारचा उजेड आडवा असतो, हवेच्या जास्त लांब थरातून आलेला, त्यातला निळा भाग वाटेतच विखुरलेला, म्हणून तो सोनेरी दिसतो. त्यात भोवती पिवळी-तांबडी झाडं. आता सॅटिन चमकतं म्हणजे ते समोरचं थोडं थोडं परत दाखवतं. पिवळ्या झाडाखाली उभं राहिलं की सॅटिनच्या घड्यांत पिवळा येतो, लाल भिंतीजवळ लाल येतो, आणि आकाश ढगाळ असेल तर तेच हस्तिदंती सॅटिन राखाडी, चंदेरी दिसायला लागतं. काहींना हेच हवं असतं आणि ऊन असेल तर ते अप्रतिम दिसतं यात शंका नाही. पण ऑक्टोबरच्या शेवटी ऊन असेलच हे कोण सांगणार. क्रेप चमकत नाही, त्यामुळे त्याचा स्वतःचा रंग टिकतो, ढगाळ असो की ऊन, आणि आडव्या उजेडात त्याच्या कमरेजवळच्या, मांडीजवळच्या चुण्या इतक्या स्वच्छ दिसतात, एखाद्या दगडी मूर्तीच्या वस्त्रासारख्या. हे दुकानातल्या दिव्यांखाली कळणं शक्यच नाही. तिथे डोक्यावर पांढरे दिवे असतात, सगळीकडून सारखा उजेड, त्यात सॅटिन जिंकणारच. म्हणून माझं सांगणं आहे की ट्रायलची वेळ लग्नाच्या वेळेला घ्या. चारचं लग्न तर चारची ट्रायल, आणि ड्रेस घालून खिडकीशी, दाराशी, जमलं तर बाहेर पायरीवर उभं राहा आणि दुसऱ्या कुणाला तरी साध्या फोनवर फोटो काढायला सांगा, फ्लॅशशिवाय एक आणि फ्लॅशने एक.

फ्लॅशने का, तर रंगासाठी. एकदम शुभ्र पांढऱ्या ड्रेसमध्ये बऱ्याचदा तो पांढरेपणा उजळवणारं रसायन घातलेलं असतं, जे अतिनील किरण घेऊन निळसर उजेड सोडतं, त्यामुळे सावलीत आणि फ्लॅशमध्ये तो पांढरा निळा मारतो आणि पिवळ्या पानांच्या शेजारी जरा जास्तच निळा. रेशीम मुळात थोडं पिवळसर असतं, म्हणून रेशमी गाऊन सहसा हस्तिदंती किंवा किंचित मलईसारख्या पांढऱ्यातच छान दिसतात. शॅम्पेन म्हणतात तो रंग मला फार आवडला होता, पण सोनेरी उजेडात तो अजून सोनेरी होतो आणि माझ्या गव्हाळ रंगावर ड्रेस कुठे संपतो आणि हात कुठे सुरू होतो तेच कळेना. गोऱ्या किंवा चांगल्या सावळ्या मुलीवर तोच रंग खुलेल. हस्तिदंतीत मात्र माझा चेहरा वर आला. त्यात खूप छटा असतात पण, दोन दुकानांतला हस्तिदंती एक नसतो, त्यामुळे नुसतं नाव ऐकून ऑर्डर देऊ नका, त्याच थानाचा तुकडा मागा.

आता पानगळीचे रंग ड्रेसमध्ये आणायचे का, म्हणजे विटकरी, वाइन, गंजाचा तांबूस, किंवा पानांची भरतकामाची वेलबुट्टी. मला दाखवले तसले पण. माझं मत असं की मोसम स्वतःच इतका रंग घेऊन आलेला असतो की ड्रेसने त्याच्याशी स्पर्धा करू नये. तांबड्या पानांसमोर तांबडा ड्रेस फोटोत मागच्या झाडात मिसळतो. पण हे माझ्यापुरतं, कारण पांढरंच घालायला हवं असा काही जुना नियम आहे असं समजायचं कारण नाही. इंग्लंडच्या राणी व्हिक्टोरियाने १० फेब्रुवारी १८४० ला रेशमी सॅटिनचा पांढरा पोशाख आणि त्यावर होनिटनची हाताची लेस घालून लग्न केलं आणि त्याची चित्रं सगळीकडे गेली, तिथून पांढऱ्याचं खूळ हळूहळू पसरत गेलं, त्याआधी तिथल्या नवऱ्यामुली आपल्याकडचा सगळ्यात चांगला ड्रेस घालत, रंग कुठलाही. त्यामुळे कुणाला विटकरीच आवडत असेल तर तिने बिनधास्त घालावा, फक्त ढगाळ उजेडात तो एकदा बघून घ्यावा, कारण गडद रंग तेव्हा काळपट पडतात.

आणि ड्रेसवरची नक्षी मोसमाची असायलाच हवी असंही नाही. एलिझाबेथ, म्हणजे पुढे राणी झालेली, तिचं लग्न २० नोव्हेंबर १९४७ चं, पानगळ जवळपास संपलेली, युद्धानंतरचं रेशनिंग चालू, तिलाही कापडासाठी कुपनं लागली होती. डिझायनर नॉर्मन हार्टनेलने तिच्यासाठी हस्तिदंती रेशमाचा ड्रेस केला आणि त्यावर बोत्तिचेल्ली या जुन्या इटालियन चित्रकाराच्या वसंताच्या चित्रावरून फुलं भरली, दहा हजार बारीक मोत्यांनी. नोव्हेंबरच्या करड्या दिवसात वसंताची फुलं! मला ही कल्पना फारच आवडते. युद्धात पोळलेल्या लोकांना तेव्हा तेच हवं असणार.

आणखी एक लग्न मी या निमित्ताने नीट बघितलं ते एलिझाबेथच्या नातीचं, राजकन्या युजिनीचं, १२ ऑक्टोबर २०१८, विंडसरला. तो दिवस इतका वाऱ्याचा होता की पाहुण्यांच्या टोप्या उडत होत्या. तिच्या ड्रेसला लांब बाह्या होत्या, गळा खांद्यांवरून दुमडलेला, आणि पाठ मात्र मुद्दाम खोल उघडी, कारण लहानपणी तिच्या मणक्याचं ऑपरेशन झालं होतं आणि तो व्रण तिला लपवायचा नव्हता. त्यासाठी तिने व्हेल, म्हणजे डोक्यावरून मागे सोडायची जाळीदार ओढणी, घातलीच नाही. संध्याकाळी तिने वेगळा, फिकट गुलाबी ड्रेस घातला. म्हणजे बघा, बाह्या आहेत, वाऱ्यात उडणारं काही नाही, संध्याकाळसाठी वेगळी सोय आहे, आणि जे उघडं ठेवलंय ते स्वतःच्या मनाच्या कारणाने ठेवलंय. राजघराण्यातली सोय आपल्याकडे नसते हे मान्य, पण विचार करायची पद्धत तर घेता येते.

क्रेपच्या बाजूने पण एक नाव सांगते, कॅरोलिन बेसेट, जॉन एफ. केनेडी ज्युनियरची बायको. २१ सप्टेंबर १९९६ ला अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यातल्या कंबरलंड बेटावर तिचं लग्न झालं आणि डिझायनर नार्सिसो रॉड्रिगेझने केलेला साधा, उरेब (म्हणजे कापड तिरकं धरून) कापलेला रेशमी क्रेपचा ड्रेस तिने घातला. ना मणी, ना लेस. इतकी वर्षं झाली तरी मुली दुकानात त्याचा फोटो घेऊन जातात.

बरं, आता अंगात घातल्यावरच्या गोष्टी. क्रेपचा घालून मी आरशासमोर उभी होते आणि सगळे छान छान म्हणत होते, तेवढ्यात माझी ताई म्हणाली, "हात वर कर बघू, मिठी मारल्यासारखे." केले तर कंबरेची शिवण बोटभर वर सरकली, बाह्या काखेत ओढल्या गेल्या आणि पाठीवरची बटणं ताणली. शिवणाऱ्या बाई आल्या, त्यांनी दोन बोटं माझ्या काखेत घातली आणि म्हणाल्या की मुंढा, म्हणजे बाही जोडतात तो काखेचा गोल, खोल आहे, तो वर घ्यायला हवा. मला वाटायचं हात मोकळा फिरायला मुंढा मोठा हवा, तर ते बरोबर उलटं असतं. मुंढा काखेच्या जितका जवळ तितका हात वर करताना बाहीच फक्त हलते, ड्रेसचा वरचा भाग जागेवर राहतो. मुंढा खोल असला की हातासोबत सगळा ड्रेसच वर येतो. बाईंनी दोन्ही काखांत टाचण्या लावून कापड वर घेतलं, पुन्हा हात वर करायला सांगितलं आणि कंबर जागची हलली नाही. लांब बाह्यांचा ड्रेस घेणाऱ्या प्रत्येकीने ही एक गोष्ट लक्षात ठेवावी असं मला मनापासून वाटतं, कारण लग्नाच्या दिवशी आपण दिवसभर लोकांना मिठ्याच मारत असतो. आणि एक, तयार ड्रेसमध्ये मुंढा वर घ्यायला शिवणीत कापड शिल्लक असावं लागतं, तेव्हा शिवण उलटून आत किती कापड ठेवलंय ते बघूनच हो म्हणा.

सॅटिनच्या ड्रेसमध्ये हात वर करायला काहीच अडचण नव्हती, स्ट्रॅपलेसला मुंढाच नसतो. तिथे दुसरं बघावं लागतं. आत कमरेला एक घट्ट पट्टी असते, हूकने लावायची, सगळ्या घेराचं वजन ती पट्टी पेलते, म्हणून ड्रेस छातीवरून खाली घसरत नाही. ती पट्टी नसेल किंवा सैल असेल तर दिवसभर ड्रेस वर ओढत बसावं लागतं. त्या ड्रेसमध्ये ती होती आणि उत्तम होती, काम नीट केलेलं होतं, हे सांगायलाच हवं.

खालची बाजू. या दिवसांत गवत संध्याकाळी ओलं असतं, दव लवकर पडतं, आणि जमिनीवर पानं. लांब ट्रेन ओली पानं गोळा करत फिरते, आणि ओल्या पानांचा तपकिरी डाग म्हणजे टॅनिनचा डाग, चहासारखाच, हलक्या कापडावरून लवकर निघत नाही. नेटच्या ट्रेनमध्ये पानांचे देठ अडकतात ते तर एकेक करून सोडवावे लागतात. हा लेसच्या तिसऱ्या ड्रेसचा खरा प्रॉब्लेम होता. तो ड्रेस उजेडात फार सुंदर दिसायचा, दोऱ्याने उठाव दिलेली लेस होती, आडव्या उन्हात प्रत्येक पाकळीची बारीक सावली पडायची, पण खाली नेटची लांब शेपटी आणि ती कापली तर लेसची किनार पण जाते. किनार सोडवून वर परत लावून देता येते, करतात तसं, पण ते हाताचं नाजूक काम आहे आणि माझ्याकडे तेवढा वेळ नव्हता, म्हणून सोडला. आत लग्न असतं तर तोच घेतला असता कदाचित.

कापडाचे तुकडे मी घरी आणले होते ते याचसाठी. सॅटिनच्या तुकड्यावर पाण्याचा एक थेंब टाकला, वाळल्यावर कडेने गोल खूण राहिली, रेशमी सॅटिनवर अशी राहते. क्रेपवर पण थोडी राहिली पण तिरपं धरून बघितल्याशिवाय दिसत नव्हती. मग दोन्ही तुकडे मुठीत घट्ट दाबून धरले, सॅटिनवर कडक रेघा आल्या, क्रेपवर मऊ चुण्या, त्या टांगून ठेवल्यावर बऱ्याचशा गेल्या. मग रात्री गॅलरीत जाऊन दोन्ही तुकडे उघड्या दंडावर ठेवले. सॅटिन आधी गार लागतं, गुळगुळीत कापडाचा कातडीला जास्त भाग टेकतो म्हणून असेल, क्रेप खरखरीत असल्याने तितकं गार लागत नाही. हे सगळं करायला काहीच लागत नाही, फक्त तुकडा मागायचा. न देणारं दुकान असेल तर तिथे ऑर्डर देताना मी तरी दहा वेळा विचार करेन.

मखमलीचं थोडक्यात. बाह्यांच्या मखमली गाऊनमध्ये ऊब चांगली असते, पण मखमलीला दिशा असते, वरून खाली हात फिरवला तर एक रंग आणि खालून वर फिरवला तर दुसरा, त्यामुळे सगळे भाग एकाच दिशेने कापलेत ना ते बघावं लागतं. बसून उठलं की मागे चपटा ठसा उमटतो आणि त्यावर इस्त्री चालत नाही, फक्त वाफ. संध्याकाळी कमी उजेडात मखमल सगळा उजेड पिऊन टाकते आणि फोटोत नुसता गडद आकार राहतो. पूर्ण गाऊनसाठी मला ती नको वाटली. पण खांद्यांवरची केप म्हणून मखमल उत्तमच, आतून रेशमी अस्तर लावून, कारण ती काढता-घालता येते. पानगळीतल्या लग्नाचं खरं उत्तर मला वाटतं इथेच आहे, थर असावेत, एकावर एक, आणि सुटे असावेत. दुपारी नुसता ड्रेस, सहाला केप, आत गेल्यावर पुन्हा नुसता ड्रेस. जड सॅटिनचं वजन मात्र दिवसभर अंगावरून उतरवता येत नाही.

तर मी क्रेपचा घेतला. आईला सॅटिनचा हवा होता हे सगळ्यांना माहीत होतं, आणि तिने ते लपवलं नाही, पण मी संध्याकाळचे दोन्ही फोटो शेजारी शेजारी ठेवून तिला दाखवले तेव्हा बराच वेळ बघून म्हणाली, "यात तू दिसतेस. त्यात ड्रेस दिसतो." मला यापेक्षा जास्त काही ऐकायचं नव्हतं.

ज्यांचं अजून ठरतंय त्यांच्यासाठी वेळेचं सांगते. मापावर करून घेणारे बरेच जण चार ते सहा महिने, कधी त्याहून जास्त घेतात, आणि त्यानंतर अल्टरेशनला सहा-आठ आठवडे हाताशी लागतात. म्हणजे ऑक्टोबरचं लग्न असेल तर उन्हाळा सुरू व्हायच्या आधी निवड झालेली बरी, आणि त्यामुळेच गडबड होते, आपण ड्रेस बघतो तेव्हा बाहेर वसंत असतो, अंगात हवा छान लागत असते, आणि उघडे खांदे अगदी सोयीचे वाटतात. तेव्हा निवडताना डोळ्यांसमोर ऑक्टोबर ठेवायचा. गेल्या वर्षी त्याच आठवड्यात काढलेले स्वतःचे फोटो फोनमध्ये शोधा, संध्याकाळी अंगात काय घातलं होतं ते बघा, जॅकेट होतं की नुसता टॉप, सगळं कळतं.

बूट आधी घ्या, ड्रेसची लांबी नंतर. गवतावर बारीक टाचा रुततात, मी रुंद टाचेचे, बंद पुढच्या भागाचे घेतलेत, आणि त्यांच्यावर उभं राहूनच खालची पट्टी मोजून घेणार आहे. माझा स्कर्ट उरेब कापलेला असल्याने तो टांगून ठेवल्यावर आपल्या वजनाने जागोजागी कमी-जास्त लांबतो, त्यामुळे बाईंनी तो आधी काही दिवस टांगून ठेवलाय आणि मग जमिनीपासून मोजून सारखा करणार, घाईत पट्टी घातली असती तर लग्नापर्यंत एक बाजू लोंबली असती. मागची छोटी ट्रेन वर उचलून अडकवायला आतून तीन फिती आणि लूप लावून घेतेय, नंबर घालून, म्हणजे ताईला अंधारात पण जमेल. तिला दोनदा करून बघायला सांगितलंय, कारण त्या दिवशी हे काम तिच्याकडेच आहे आणि उचललेली ट्रेन एका बाजूला झुकली की फोटोत लगेच दिसते.

क्रेपचा एक तोटा राहतोच, आतलं सगळं दिसतं. अंतर्वस्त्राची कड, शिवण, काहीही. त्याला कातडीच्या रंगाचं, शिवण नसलेलं आतलं घ्यायचं, पांढरं नाही, पांढरं हस्तिदंतीतून उठून दिसतं. आणि खूप थंडी पडली तर स्कर्टखाली पातळ थर्मल लेगिंग घालायचं ठरवलंय, ते पण कातडीच्या रंगाचं, पट्टी नसलेलं, शेवटच्या फिटिंगला तेच घालून जाणार आहे म्हणजे काही उमटतंय का ते तिथेच कळेल.

व्हेलचं अजून ठरत नाहीये. लांब हवी असं वाटतं, कारण ड्रेस साधा आहे, पण वारा. दोन पर्याय आहेत, एक म्हणजे कोपरापर्यंतची छोटी, जी फार उडत नाही, आणि दुसरा म्हणजे लांब, पण कडेला लेसची पट्टी लावून जरा वजन दिलेली आणि खालच्या टोकांना आतून छोटी वजनं टाचलेली. केस बांधणाऱ्या मुलीचं म्हणणं आहे की कंगवा अंबाड्याच्या वर न खोचता खाली खोचला आणि दोन्ही बाजूंना पिना उलटसुलट लावल्या तर लांब पण टिकेल. पुढच्या फिटिंगला दोन्ही लावून बाहेर वाऱ्यात उभी राहणार आहे, मग ठरवते.